इंद्रियांची चाळणी

लोंढा जंक्शनवर पावसाळ्यातील एखादी पहाट ज्यांनी गाडीची वाट पाहत काढली आहे, त्यांना आमचे म्हणणे लवकर कळेल. बेळगावचा, हुबळीचा आणि कॅसलरॉकवरून गोव्याचा असे तीन रूळमार्ग येथे मिळतात. पत्र्यावर कोसळणारा पाऊस, ओल्या लाकडाचा वास, चहावाल्याची हाक, मुरगावहून आलेल्या कोळशाच्या मालगाडीचा धडधडाट आणि पायांखाली थरथरणारा फलाट हे सारे एकदमच अंगावर येते. त्यातले कानाने काय घेतले आणि नाकाने काय, याचा हिशेब त्या वेळी कोणी ठेवीत नाही. गाव आपल्या नावाला जागते, एवढे खरे.

याच गावी आमच्या नात्यातील एका घरी नऊ वर्षांची एक मुलगी आहे. गेल्या वर्षी तिने शाळेच्या वहीत पाढे रंगीत खडूंनी लिहिले. प्रत्येक दोन तांबडा, प्रत्येक पाच हिरवा, सात विटकरी. वहीवर शेरा आला, ‘वेळेचा अपव्यय’. घरी विचारले तेव्हा ती निरागसपणे म्हणाली की आकडे असतातच तसे, काळ्या शाईने छापले म्हणून त्यांचा रंग थोडाच जातो! आणि इंजिनाची शिटी पिवळी असते. आई घाबरली, हे डोळ्यांचे दुखणे की डोक्याचे, तिला उमजेना. आजोबांचे आयुष्य रेल्वेच्या सिग्नलखात्यात गेलेले. ते नातीला म्हणाले, “तुला एक चाळणी करून देतो. टोपीसारखी डोक्यावर घालायची. शिटी कानात राहील, रंग डोळ्यांत राहील, भेसळ बंद!”

मुलगी विचारात पडली. मग म्हणाली, “पण आजोबा, मग मला पाढे कसे आठवतील?”

या प्रश्नाने आम्हालाच वाचावयास लावले. तिच्या या प्रकारास शास्त्रज्ञ सिनेस्थेशिया म्हणतात. मराठीत सहसंवेदन म्हणता येईल. गेओर्ग झाक्स नावाच्या जर्मन वैद्याने १८१२ साली आपल्या प्रबंधात स्वतःलाच अक्षरे व आकडे रंगीत भासतात असे नमूद केले होते. १८८० मध्ये फ्रान्सिस गाल्टनने असे अनुभव सांगणाऱ्यांची माहिती प्रसिद्ध केली. ब्रिटनमधील २००६ च्या एका पाहणीत शंभरांत सुमारे चार जणांत सहसंवेदनाचा कोणता ना कोणता प्रकार आढळला. तेव्हा हा रोग नव्हे, आणि फारशी दुर्मीळ गोष्टही नव्हे. डॉ. विलयनूर रामचंद्रन आणि एडवर्ड हबर्ड यांनी २००१ साली मांडलेली उपपत्ती लोंढेकरांना तर चटकन पटावी. मेंदूत आकड्यांची आकृती ओळखणारा भाग आणि रंग ओळखणारा भाग शेजारीशेजारी आहेत. काही माणसांत त्या दोन रुळांमधला सांधा खुला राहतो आणि एका मार्गावरची गाडी दुसऱ्यावरही धावते.

त्यांचीच एक परीक्षा आजोबांनी दिनदर्शिकेच्या पाठकोऱ्या पानावर मांडली. कोनदार इंग्रजी पाचांची गर्दी आणि तीत लपविलेला दोनांचा त्रिकोण. (मराठी ५ आणि २ यांत साम्य नसल्याने इंग्रजीचा आश्रय घ्यावा लागला.) आम्ही चष्मा पुसून शोधू लागलो, तोवर मुलीचे बोट त्रिकोणावर होते. एका मुलीवरून शास्त्र सिद्ध होत नाही, हे मान्य. पण आईचा चेहरा निवळला, हेही आम्ही पाहिले.

आजोबांच्या चाळणीची कल्पना मात्र आपल्याकडे फार जुनी आहे. नैयायिकांनी मन हेच अणुएवढे मानले. ते एका वेळी एकाच इंद्रियाशी जोडले जाते, म्हणून ज्ञाने एकामागून एक होतात. त्यावर प्रतिपक्षाने शष्कुलीचा दाखला पुढे केला. शष्कुली म्हणजे तळलेला कुरकुरीत खाद्यपदार्थ, आपल्या चकलीचा दूरचा आप्त म्हणावा. ती खाताना रूप, वास, चव, स्पर्श आणि कुरकुर ही पाचही एकदमच कळतात की नाही? नैयायिकांचे उत्तर असे की सुईने कमळाच्या शंभर पाकळ्या एकदम भोसकल्यासारख्या वाटतात, प्रत्यक्षात क्रमाने भोसकल्या जातात; तसेच हे. उत्तर हुशारीचे आहे, पण दिवाळीच्या फराळाला बसलेला माणूस ते मान्य करील असे आम्हाला वाटत नाही. नाट्यशास्त्राने तर रसांनाच रंग दिले, शृंगाराला श्याम आणि रौद्राला तांबडा. आणि तेराव्या शतकातील संगीतरत्नाकरात सप्तस्वरांनाही रंग आहेत.

आणि आपली मराठी? गोड गळा, आंबट चेहरा, तिखट जीभ, भडक रंग, खमंग चर्चा, कडू बोलणे. चाळणी लावली तर गळ्याची गोडी जिभेकडे परत जाईल आणि चर्चेचा खमंगपणा कढईत! मागे उरेल ती भाषा शासकीय परिपत्रकाची.

तरीही आजोबांची कल्पना हसण्यावारी नेणे योग्य होणार नाही. काही मुलांना गर्दी, प्रकाश आणि आवाज यांचा एकत्रित मारा खरोखरच असह्य होतो. स्वमग्न मुलांच्या आईवडिलांना हे नव्याने सांगावयास नको. अशा मुलासाठी आवाज अडविणारी कर्णटोपी ही चाळणीच होय, आणि लोंढ्यासारख्या फलाटावर ती लावून उभ्या असलेल्या मुलाकडे टकमक पाहू नये. सहसंवेदनाच्या बाबतीत, २००६ साली संशोधकांनी डोक्याबाहेरून चुंबकीय स्पंद देऊन मेंदूच्या पार्श्वभागाचे काम क्षणभर विस्कळीत केले, तेव्हा अक्षरांच्या आगंतुक रंगांचा अडथळा काही काळ कमी झाला. म्हणजे चाळणीचे निदान एक भोक तरी पाडता येते! ती घरी आणून मुलीच्या डोक्यावर ठेवावी काय, हा प्रश्न निराळा.

त्या घरी त्याचे उत्तर साधेच ठरले. आई शाळेत जाऊन गुरुजींशी बोलली. शाळेच्या वहीत आता काळी पेन्सिल, आणि घरी खडूंची पेटी उघडी. परवा आम्ही गेलो तेव्हा सात आठे किती, असे विचारले. मुलीने क्षणभर छताकडे पाहिले, आणि तेथे आम्हाला न दिसणारे काहीतरी वाचून ती म्हणाली, “छप्पन्न.”