कुळाच्या जुन्या निकालाची नक्कल मिळत नसेल तर

आजोबांनी मक्त्याने कसलेले शेत कूळकायद्यात आपल्या घराचे झाले, पण आज सातबाऱ्यावर भलतेच नाव दिसते. अशा वेळी आपण आधी वकील शोधतो. खरे तर आधी शोधायचा तो मूळ निकाल.

वऱ्हाडात 1958 चा विदर्भ कूळवहिवाट कायदा लागू आहे. कूळ म्हणजे मक्ता किंवा बटई देऊन दुसऱ्याची जमीन कसणारा. 1 एप्रिल 1961 पासून अनेक कुळे या कायद्याने मालक झाली. किंमत ठरवून खरेदीचे प्रमाणपत्र देणारे शेतजमीन न्यायाधिकरण म्हणजे बहुधा तहसीलदारच.

सुरुवात फेरफारापासून करावी. सातबाऱ्यावरील फेरफार क्रमांक धरून मागे जात कुळाची नोंद गाठावी. तिच्यात बहुधा न्यायाधिकरणाचे प्रकरण क्रमांक, वर्ष आणि मौजा सापडतात. अकोला-अमरावतीचे स्कॅन केलेले जुने फेरफार ‘आपले अभिलेख’ संकेतस्थळावरही शोधता येतात.

मग तहसील कार्यालयात नकलेचा अर्ज द्यावा. नुसता निकाल मागू नये; रोजनामा, जबाब आणि किंमत भरल्याचे चलनही मागावे. जुना सर्वे नंबर व आजचा गट नंबर दोन्ही लिहावेत. नंबर बदललेला असतो आणि शोध तिथेच अडतो. कारंजा, मंगरूळपीर, रिसोडकडच्या लोकांनी अकोल्यालाही चौकशी करावी, कारण वाशीम जिल्हा 1 जुलै 1998 ला अकोल्यातून वेगळा झाला.

सर्वांत जास्त घात होतो तो खिडकीवरच्या तोंडी उत्तराने. ‘फाईल सापडत नाही’ ऐकून माणूस परततो आणि हातात काहीच राहत नाही. अर्जाची पोच घ्यावी, नकार लेखीच मागावा. तो मिळत नसेल तर 10 रुपयांचे कोर्ट फी तिकीट लावून माहिती अधिकारात अर्ज करावा. 30 दिवसांत उत्तर आले नाही, तर पुढच्या 30 दिवसांत पहिले अपील. त्यानंतर 90 दिवसांत दुसरे अपील राज्य माहिती आयोगाच्या अमरावती खंडपीठाकडे.

एवढे करूनही दप्तर हलले नाही, तर उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठात रिट याचिका करता येते. रिट म्हणजे कार्यालयाला त्याचे कर्तव्य पार पाडायला लावणारा आदेश. मागणी नेमकी ठेवावी: अभिलेख शोधा, नसल्यास उपलब्ध कागदांवरून पुन्हा तयार करा आणि नक्कल द्या. याच याचिकेत मालकीचा वादही घुसडला की मूळ मागणी मागे पडते, असे मला वाटते.

नक्कल हाती आली की निकाल आणि सातबारा ताडून पाहावा. निकाल बरोबर पण नोंद उतरवताना लेखनचूक झाली असेल, तर महसूल संहितेच्या कलम 155 खाली तहसीलदारांकडे दुरुस्ती मागावी. निकालच चुकीचा वाटत असेल, तर अपील जिल्हाधिकाऱ्यांकडे आणि पुढे नागपूरच्या महसूल न्यायाधिकरणाकडे. कूळ कोण होते, हा प्रश्न थेट दिवाणी न्यायालयात नेता येत नाही. कूळवहिवाट कायद्याचे कलम 124 आड येते.

नकलेवर अर्ज केल्याची, नक्कल तयार झाल्याची आणि दिल्याची तारीख असते. तो भाग नीट जपावा. मुदत मोजताना नकलेत गेलेले दिवस वगळून मिळतात, आणि उशीर माफ करण्याच्या अर्जाला याच तारखांचा आधार लागतो.