घरकर्जाची वर्षं

४ मे २०२२ च्या दुपारी रिझर्व्ह बँकेचे तेव्हाचे गव्हर्नर शक्तिकांत दास यांनी, पतधोरणाची ठरलेली बैठक नसताना, रेपो दर ४ टक्क्यांवरून ४.४० टक्के केल्याचं जाहीर केलं. फेब्रुवारी २०२३ पर्यंत तो टप्प्याटप्प्यानं ६.५० टक्क्यांवर गेला. या काळात गृहकर्ज फेडणाऱ्या असंख्य कुटुंबांचा हप्ता मात्र तसाच राहिला. दर महिन्याला खात्यातून तेवढीच रक्कम कापली जात होती, त्यामुळे घरात कुणाला काही वावगं वाटलं नाही. बदलला होता तो कर्जाच्या उताऱ्यावरचा एक आकडा: किती हप्ते बाकी आहेत. तो आकडा फार थोडे जण बघतात.

कर्ज घेताना आपण दोन गोष्टींची चौकशी करतो. दर काय आणि हप्ता किती बसेल? पाव टक्क्यासाठी चार बँकांचे उंबरे झिजवतो. मुदतीचं काय, असं विचारलं की "वीस वर्षं करू या, हप्ता हलका पडेल," असं समोरचा माणूस सांगतो आणि आपण मान डोलावतो. माझं म्हणणं असं आहे, की घरकर्जाची खरी किंमत याच न विचारलेल्या प्रश्नात दडलेली असते.

५० लाखांचं कर्ज घेऊ आणि दर साडेआठ टक्के धरू. १५ वर्षांच्या मुदतीला महिन्याचा हप्ता सुमारे ४९,२४० रुपये बसतो आणि एकूण व्याज साधारण ३८ लाख ६३ हजार होतं. २० वर्षांना हप्ता ४३,३९० वर येतो आणि व्याज ५४ लाखांच्या पुढे जातं. ३० वर्षांना हप्ता ३८,४५० च्या आसपास, पण व्याज ८८ लाखांहून जास्त. विसावरून तीस वर्षांवर गेल्यानं दरमहा जेमतेम पाच हजार रुपये सुटतात आणि त्यासाठी जादा व्याज मोजावं लागतं ते ३४ लाख. याउलट ज्या अर्ध्या टक्क्यासाठी आपण जिवाचा आटापिटा करतो, त्या नऊ आणि साडेआठ टक्क्यांमधला फरक वीस वर्षांत पावणेचार-चार लाखांचा असतो. तोही सोडू नये. पण कशासाठी किती घासाघीस करायची, याचा अंदाज या आकड्यांवरून यावा.

परतफेडीचा तक्ता बँक मागितल्यावर देतेच. त्यात महिना, हप्ता, व्याज, मुद्दल आणि शिल्लक असे रकाने असतात. वरच्याच वीस वर्षांच्या कर्जाची पहिली ओळ वाचा. हप्ता ४३,३९१, त्यातलं व्याज ३५,४१७ आणि मुद्दल ७,९७४. दुसऱ्या ओळीत मुद्दल ५६ रुपयांनी वाढतं. तिसऱ्या ओळीत आणखी तेवढंच. पहिल्या पाच वर्षांत तुम्ही २६ लाख रुपये भरता आणि मुद्दल फिटतं फक्त ५ लाख ९४ हजार. हप्त्यातला मुद्दलाचा भाग व्याजापेक्षा मोठा व्हायला बारावं वर्ष सरत यावं लागतं. निम्मं कर्ज, म्हणजे २५ लाख, फिटायला तेरा वर्षं दहा महिने लागतात. यात फसवणूक नाही. व्याज उरलेल्या मुद्दलावर लागतं आणि सुरुवातीला मुद्दल जवळपास पूर्ण उरलेलं असतं, एवढंच. तरीही सातव्या-आठव्या वर्षी घर विकून मोठं घर घेऊ म्हणणाऱ्यानं हा तक्ता आधी समोर ठेवावा.

आता २०२२ कडे पुन्हा वळू. २०२१ च्या सुरुवातीला ५० लाखांचं कर्ज पावणेसात टक्क्यांनी वीस वर्षांसाठी घेतलं, असं धरू. तेव्हा असे दर सर्रास मिळत होते. हप्ता ३८,०१८ रुपये. दोन वर्षांनी शिल्लक साडेसत्तेचाळीस लाखांच्या थोडी खाली येते. हिशोब सोपा राहावा म्हणून अडीच टक्क्यांची सगळी वाढ याच क्षणी झाली असं समजू. दर झाला सव्वानऊ. त्या महिन्याचं व्याज ३६,५८८ रुपये. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलाच्या वाट्याला येतात अवघे १,४३० रुपये. कागदावर उरलेली अठरा वर्षं साडेपस्तीस वर्षांची होतात. मुदत अठराच ठेवायची तर हप्ता ४५,२०० च्या आसपास न्यावा लागतो, म्हणजे दरमहा सात हजारांचा बोजा. दर तिथेच राहिला असता तर या दोन वाटांमधलं अंतर शेवटी ६५ लाखांच्या घरात गेलं असतं. एवढा मोठा निर्णय घरात चर्चा न होता, बहुतेक वेळा सही न घेता होत होता.

रिझर्व्ह बँकेनं १८ ऑगस्ट २०२३ रोजी परिपत्रक काढलं ते यावरच. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे कर्जदाराला विचारलं पाहिजे. मुदत वाढवताना महिन्याचं व्याजही हप्त्यातून भागत नाही, अशी वेळ येऊ देता कामा नये. आजवर किती मुद्दल आणि किती व्याज वसूल झालं, किती हप्ते उरले, याचा उतारा दर तिमाहीला मिळाला पाहिजे. हा नियम नीट वाचून आपल्या बँकेला लेखी विचारणा करणं हे प्रत्येक कर्जदाराचं काम आहे. २०२५ मध्ये रेपो दर सव्वा टक्क्यानं उतरून ५.२५ वर आला. तेव्हा ज्यांची मुदत २०२२-२३ मध्ये लांबली होती, त्यांनी हप्ता कमी करून घेण्यापेक्षा तोच ठेवून लांबलेली वर्षं परत मागावीत, असं मला कळकळीनं वाटतं.

दर बदलला की तो आपल्यापर्यंत कसा पोहोचतो, याचाही एक इतिहास आहे. बँका पूर्वी स्वतःच ठरवलेल्या मूळ दराशी कर्ज जोडत. दर चढले की ते ताबडतोब लागू होत आणि उतरले की जुन्या ग्राहकापर्यंत यायला महिनेच्या महिने जात. नवा ग्राहक स्वस्तात कर्ज घेई आणि दहा वर्षं इमानानं फेडणारा जुना मात्र चढ्या दरावर अडकून पडे. २०१० मध्ये बेस रेट आला, २०१६ मध्ये बँकेच्या निधीच्या खर्चावर बेतलेला एमसीएलआर आला, तरी तक्रार मिटली नाही. जनक राज यांच्या अभ्यासगटानं २०१७ मध्ये बँकेबाहेरचा मापदंड हवा, असं सांगितलं आणि १ ऑक्टोबर २०१९ पासून व्यापारी बँकांची तरत्या दराची नवी गृहकर्जं रेपोसारख्या बाहेरच्या दराशी जोडणं सक्तीचं झालं. गृहवित्त कंपन्यांना मात्र ही सक्ती नाही. तिथून कर्ज घेणाऱ्यानं आपला दर कशाला बांधला आहे, हे करारात शोधलंच पाहिजे. रेपोशी जोडलेल्या कर्जातही रेपोच्या वर बँकेचा जो हिस्सा असतो तो जुन्यानव्या ग्राहकांना वेगवेगळा असू शकतो. तो कमी करून मागता येतो. थोडं शुल्क पडतं, पण बरीच वर्षं बाकी असतील तर ते वसूल होतं.

आपल्याकडे व्याजाच्या मर्यादेचा विचार नवा नाही. दामदुप्पटीचा नियम मुंबई इलाख्यातली न्यायालयं हिंदू ऋणकोंना लावत असत: एका वेळी वसूल करायचं व्याज मुद्दलापेक्षा जास्त होता कामा नये. १८७५ च्या मे महिन्यात पुणे जिल्ह्यातल्या सुप्याला शेतकऱ्यांनी सावकारांचे कर्जरोखे जाळले, त्यातून १८७९ चा दख्खन शेतकरी कायदा आला. तो सगळा झगडा थकून साचलेल्या व्याजाचा होता. आजच्या गृहकर्जात व्याज साचतच नाही, दरमहा चुकतं होतं. त्यामुळे एकूण व्याज मुद्दलापेक्षा जास्त झालं तरी ते जुन्या नियमाच्या कचाट्यात येत नाही. शिवाय १९८४ पासून बँकिंग नियमन कायद्याच्या कलम २१-अ नुसार, दर जास्त आहे एवढ्याच कारणावरून बँकेचं व्याज न्यायालयाला पुन्हा तपासता येत नाही. म्हणजे मर्यादा घालायची तर ती कर्जदारालाच, मुदत ठरवताना घालावी लागते.

हसमुखभाई पारेख यांनी निवृत्तीनंतर १९७७ मध्ये मुंबईत गृहवित्त संस्था उभी केली, तोवर पगारदार माणसाचं घर बहुधा भविष्य निर्वाह निधी आणि ग्रॅच्युइटी हाती आल्यावर व्हायचं. घर उमेदीच्या वयात मिळू लागलं, हे या व्यवस्थेचं मोठं देणं आहे आणि ते मी मनापासून मान्य करतो. पण त्याबरोबर कर्जानं सगळं नोकरीचं आयुष्य व्यापलं. अडतिसाव्या वर्षी वीस वर्षांचं कर्ज घेतलं तर ते अठ्ठावन्नाव्या वर्षी संपतं. मध्ये मुदत पाच वर्षांनी लांबली तर निवृत्तीनंतरही हप्ता चालू राहतो आणि तो जातो त्याच ग्रॅच्युइटीतून.

कर्जाच्या रकमेबाहेर काय लागतं ते पुण्यातल्या, बांधकाम चालू असलेल्या साडेबासष्ट लाखांच्या सदनिकेवर पाहू. ३० ते ७५ लाखांपर्यंतच्या कर्जाला बँक किमतीच्या ८० टक्क्यांपर्यंतच देते, म्हणजे ५० लाख. साडेबारा लाख आपले. मुद्रांक शुल्क उपकरांसह ७ टक्के, म्हणजे ४ लाख ३७ हजार ५००. घर बाईच्या नावावर घेतलं तर यात एक टक्का सूट मिळते. नोंदणी फी ३० हजार. पाच टक्के जीएसटी, ३ लाख साडेबारा हजार. मुद्रांक आणि नोंदणीचा खर्च बँक किमतीत धरत नाही. म्हणजे २० लाखांच्या पुढची रक्कम आधी हातात हवी. ती नसली की मग वैयक्तिक कर्ज, सोनं तारण, सोसायटीचं कर्ज अशी जुळवाजुळव सुरू होते आणि घराचा खरा दर साडेआठ राहतच नाही.

ताबा मिळेपर्यंतचा काळ आणखी महाग असतो. बँक टप्प्याटप्प्यानं पैसे देते आणि तोवर फक्त व्याज घेते, त्याला प्री-ईएमआय म्हणतात. सरासरी २५ लाख वितरित झालेले असतील तर महिन्याला १७,७०० रुपये, तीन वर्षांत सहा लाखांच्या वर. त्यातला एक रुपयाही मुद्दलात जमा होत नाही आणि भाडंही चालूच असतं. महारेरा १ मे २०१७ पासून आहे, ताब्याची नोंदवलेली तारीख तिच्या संकेतस्थळावर बघता येते. ती बिल्डरच्या जाहिरातीतल्या तारखेशी ताडून पाहावी.

कर्ज मंजूर होताना विम्याचा एक कागद पुढे येतो. समजा एकरकमी हप्ता दीड लाख, "तो कर्जातच घालू." वीस वर्षांत त्या दीड लाखाचे तीन लाख बारा हजार होतात. विमा हवाच, कमावता माणूस गेला तर घर वाचलं पाहिजे. पण साधी टर्म पॉलिसी वेगळी घ्यावी. ती बँक बदलली तरी सोबत राहते.

आणि प्राप्तिकर? "व्याजावर सवलत मिळते" हा युक्तिवाद आता बराच विरला आहे. वरच्या कर्जाचं पहिल्या वर्षाचं व्याज ४ लाख २१ हजार होतं आणि जुन्या करप्रणालीतसुद्धा राहत्या घरासाठी वजावट २ लाखांवर थांबते. २०२३-२४ पासून नवी प्रणाली आपोआप लागू होते आणि तीत राहत्या घराच्या व्याजाला ही वजावटच नाही. कर वाचतो म्हणून कर्ज लांबवणाऱ्यानं हा हिशोब पुन्हा मांडावा.

उपाय एकच मोठा आहे आणि तो फुकट आहे. वैयक्तिक कर्जदाराच्या तरत्या दराच्या गृहकर्जावर मुदतपूर्व परतफेडीचं शुल्क बँकांना २०१२ पासून घेता येत नाही. दरवर्षी अखेरीला एक हप्ता जादा भरला तर वरचं वीस वर्षांचं कर्ज १६ वर्षं ९ महिन्यांत संपतं आणि सव्वादहा लाख व्याज वाचतं. पहिल्या वर्षाअखेरीस एकरकमी ५ लाख भरले आणि हप्ता तोच ठेवला तर चार वर्षांचे हप्ते गळतात आणि भरलेली रक्कम वजा जाता १६ लाख वाचतात. तेच ५ लाख पंधराव्या वर्षी भरले तर वाचतात सव्वादोन लाख. पैसे भरताना "मुदत कमी करा" असं लेखी द्यावं. काही ठिकाणी न सांगता हप्ताच कमी केला जातो आणि मग बराचसा फायदा हातचा जातो.

दुसरी बाजूही खरी आहे. महागाई वर्षाला पाच टक्के धरली तर विसाव्या वर्षाचा ४३ हजारांचा हप्ता आजच्या साडेसोळा हजारांच्या मोलाचा असेल, पगारही वाढलेला असेल. म्हणून ५४ लाख व्याज म्हणजे ५४ लाखांचं नुकसान, असं म्हणणं बरोबर नाही. मुदतपूर्व भरलेल्या पैशावर मिळकत होते ती कर्जाच्या दराइतकीच, साडेआठ टक्के. पण ती करमुक्त आणि खात्रीची असते, आणि मुदत ठेवीत कर भरून एवढं उरत नाही. सहा महिन्यांचा खर्च बाजूला ठेवावा, आजारपणाची सोय करावी, आणि त्यावरचं जे उरेल ते पहिल्या सात-आठ वर्षांत कर्जात घालावं, हे माझं मत मी कोणत्याही वाचकाला बिनदिक्कत सांगेन.

हे करायचं तर सही करण्याआधी एक कागद मागून घ्या. १ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक किरकोळ कर्जाबरोबर मुख्य तथ्यपत्रक देणं बंधनकारक आहे. त्यात प्रक्रिया शुल्क, विमा, कायदेशीर तपासणी असं सगळं धरून येणारा वार्षिक खर्चाचा दर आणि परतफेडीचा पूर्ण तक्ता असतो. दोन बँकांची तुलना करायची तर जाहिरातीतल्या दरांची करू नका, या कागदावरच्या दरांची करा.

कर्ज फिटल्यावरही कामं उरतात. १ डिसेंबर २०२३ पासून शेवटचा पैसा भरल्यापासून ३० दिवसांत मूळ दस्त परत मिळाले पाहिजेत, बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई आहे. दस्त मोजून घ्या, बिल्डरबरोबरचा नोंदणीकृत करारनामा आणि सूची क्रमांक दोन त्यात आहे का पाहा. कर्ज घेताना दुय्यम निबंधकाकडे नोटीस ऑफ इंटिमेशन दाखल झालेली असते. तिथला आणि सर्साय या तारणांच्या केंद्रीय नोंदवहीतला बोजा उतरला आहे ना, याची खात्री त्याच महिन्यात करून घ्या. घर विकायची किंवा मुलांच्या नावावर करायची वेळ येते तेव्हा हा राहून गेलेला बोजा शोधत फिरावं लागतं, आणि तोवर ती बँक दुसऱ्या बँकेत विलीन झालेली असते.