गृहकर्जाचा तंटा आणि मध्यस्थीची वेळ

गृहकर्जाचा हप्ता 90 दिवसांहून अधिक काळ थकला की बँक ते खाते अनुत्पादित ठरवते आणि त्यानंतर 2002 च्या सरफेसी कायद्यानुसार, म्हणजे न्यायालयात दावा न लावता तारण मालमत्तेतून वसुली करण्याचा अधिकार देणाऱ्या कायद्यानुसार, कर्जदाराला 60 दिवसांची मागणी नोटीस धाडते. या मुदतीत कर्जदाराने लेखी हरकत घेतल्यास बँकेला 15 दिवसांत सकारण उत्तर द्यावे लागते. परंतु बहुतेक कर्जदार नोटीस हाती पडताच हातपाय गाळतात आणि तडजोडीसाठी सर्वांत सोयीचा असलेला हाच काळ वाया घालवतात. पुढे घराचा ताबा गेला, मूल्यांकन झाले, लिलावाची जाहिरात निघाली, की बोलणी करायला बँकेला फारसे कारण उरत नाही.

मध्यस्थी म्हणजे लवाद नव्हे. लवाद निवाडा देतो, तर मध्यस्थ कोणताही निर्णय न लादता दोन्ही पक्षांशी एकत्र आणि गरजेप्रमाणे स्वतंत्रपणे बोलून त्यांनाच तोडग्यापर्यंत आणतो, आणि त्या बैठकांतील बोलणे गोपनीय राहते. दावा प्रलंबित असल्यास दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 89 नुसार न्यायालय प्रकरण मध्यस्थीकडे पाठवू शकते. विधी सेवा प्राधिकरणांच्या लोकअदालतीत दावा दाखल होण्यापूर्वीची प्रकरणेही घेतली जातात. तेथे झालेल्या तडजोडीला 1987 च्या कायद्याने हुकूमनाम्याचे बळ दिले असून तिच्यावर अपील चालत नाही. मध्यस्थीसाठी स्वतंत्र कायदा 2023 मध्ये झाला, मात्र त्याची सर्व कलमे एकाच वेळी लागू करण्यात आली नाहीत.

प्रत्यक्ष बैठकीत वाद बहुधा मुद्दलाचा नसतो. कर्जखात्याचा उतारा ओळीओळीने वाचला तर थकीत व्याजाच्या बाजूला दंड, नोटीस खर्च, वकिलाची फी अशा नोंदी दिसतात आणि एकूण रक्कम फुगवण्यात त्यांचा वाटा मोठा असतो. हप्ता चुकल्याबद्दलचा दंड व्याजदरात मिसळू नये, तो स्वतंत्र शुल्क म्हणून आकारावा आणि त्यावर पुन्हा व्याज लावू नये, असे रिझर्व्ह बँकेने 2023 मध्ये बजावले असल्याने या नोंदींवर बोट ठेवणारा कर्जदार केवळ दयेची याचना करणाऱ्यापेक्षा भक्कम पायावर उभा राहतो.

तरीही एकरकमी तडजोड हा कर्जदाराचा हक्क नाही. ती मंजूर करण्याचा आदेश न्यायालय बँकेला देऊ शकत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर 2021 मध्ये बिजनौर येथील नागरी सहकारी बँकेच्या प्रकरणात स्पष्ट केले. शिवाय बोलणी सुरू आहेत एवढ्याने कायद्याची मुदत थांबत नाही. बँकेने ताब्याची कारवाई केल्यास कर्जवसुली न्यायाधिकरणाकडे 45 दिवसांत अर्ज करावा लागतो, आणि मध्यस्थाच्या भरवशावर ही मुदत दवडणे महागात पडते. 2023 च्या बाफना मोटर्स खटल्यात तर लिलावाची जाहिरात प्रसिद्ध झाल्यावर तारण सोडवून घेण्याचा हक्क संपतो, असा निर्णय झाला.

बोलणी यशस्वी झाली, तर तडजोडीच्या करारनाम्यात रक्कम, भरण्याच्या तारखा, एखादा हप्ता चुकल्यास काय होईल, सहकर्जदार व जामीनदार यांची सुटका आणि दोन्ही बाजूंचे खटले मागे घेण्याची जबाबदारी स्पष्ट लिहिलेली असावी. सूट देऊन बंद केलेले खाते पतमाहिती अहवालात ‘पूर्ण फेड’ म्हणून नव्हे, तर ‘सेटल्ड’ म्हणून नोंदले जाते. ही नोंद पुढील कर्जाच्या आड येते, याची कल्पना कर्जदाराला सही करण्यापूर्वीच हवी. रक्कम भरल्यावर बेबाकी दाखला घ्यावा आणि गृहनिर्माण संस्थेच्या दप्तरातील बोजा उतरवून घ्यावा. घराचे मूळ दस्तऐवज 30 दिवसांत परत करणे बँकेवर बंधनकारक असून, तिच्या चुकीने उशीर झाल्यास दर दिवसाला 5,000 रुपये भरपाई तिला द्यावी लागते.