पहिल्या बोलपटाचा राजा आणि त्याची पेटी

पार्श्वगायन अजून यायचे होते. कॅमेऱ्यापुढे जो उभा, त्यानेच बोलायचे आणि त्यानेच गायचे. साथीदारांनी चौकटीबाहेर बसून त्याच वेळी वाजवायचे. १९३२ साली कोल्हापूरच्या प्रभात फिल्म कंपनीने ‘अयोध्येचा राजा’ हा पहिला मराठी बोलपट काढला, तो या रीतीने. दिग्दर्शक व्ही. शांताराम, तारामती दुर्गा खोटे. हरिश्चंद्र झाले होते पन्नाशीतले गोविंदराव टेंबे, आणि चालीही त्यांच्याच.

गोविंदराव मूळचे पेटीवाले. जन्म १८८१ चा. गवई भास्करबुवा बखल्यांना त्यांनी साथ केली, उस्ताद अल्लादियाखाँसाहेबांची गायकी जवळून ऐकली. साथ करणाऱ्याला गायकाच्या पुढे धावता येत नाही आणि मागे रेंगाळताही येत नाही. समोरचा गळा कुठे खुलतो, कुठे दमतो, हे बोटांना आधी कळावे लागते. गोविंदरावांच्या सगळ्या रचनांचे मूळ मला इथे दिसते. १९११ मध्ये किर्लोस्कर मंडळीच्या ‘मानापमाना’तल्या पदांना त्यांनी पूरबेकडच्या ठुमरी-कजरीच्या ढंगाच्या चाली दिल्या. साकी-दिंडीसारख्या जुन्या छंदांना सरावलेल्या प्रेक्षकांना हा रंग नवा होता. पण ती पदे गाणाऱ्या बालगंधर्वांच्या गळ्याला तो असा मानवला की नाट्यसंगीताची वाटच बदलली. पुढे १९१३ मध्ये बालगंधर्व आणि गणपतराव बोडसांबरोबर ते गंधर्व नाटक मंडळीचे भागीदार झाले. तिथून बाहेर पडून त्यांनी शिवराज नाटक मंडळी काढली, भूमिका केल्या, नाटकेही लिहिली.

म्हणजे प्रभातला एकाच माणसात गाणारा नट आणि चाली बांधणारा मिळाला. गरज नेमकी तीच होती. रंगभूमीवर वन्समोअर घेत पद हवे तितके रंगवता येई. फिल्मच्या रिळाला ती चैन परवडत नव्हती. शिवाय दुर्गाबाई नाटक कंपनीत वाढलेल्या नव्हत्या, आणि त्यांनाही स्वतःच गायचे होते. गळा ओळखून चाल बांधण्याची पेटीवाल्याची सवय इथे कामी आली असणार.

१९३२ मध्येच प्रभातच्या ‘माया मच्छिंद्र’मध्ये मच्छिंद्रनाथाची भूमिका आणि संगीत पुन्हा त्यांच्याकडेच होते. १९३३ च्या ‘सिंहगड’ आणि ‘सैरंध्री’चेही संगीत त्यांचे. मग प्रभात पुण्याला गेली, संगीताला केशवराव भोळे आले, मास्टर कृष्णराव आले. पार्श्वगायन रुळल्यावर नटाने गायलाच हवे, हे बंधनही उरले नाही.

आजच्या डोळ्यांना गोविंदरावांचा अभिनय नाटकी वाटेल. तरीही मराठी चित्रपटसंगीताचा इतिहास पुढच्या नावांपासून सुरू करणे मला अन्यायाचे वाटते. त्याचा पाया या पेटीवाल्याने घातला.

१९५५ साली गोविंदराव गेले. ‘माझा संगीत-व्यासंग’ आणि ‘माझा जीवनविहार’ ही त्यांची पुस्तके जुन्या वाचनालयांत शोधा. ‘अयोध्येचा राजा’ सुदैवाने अजून पाहता येतो. पुस्तके वाचून झाली की तो पाहा, आणि पाहताना कान उघडे ठेवा.