केळवणातली परीक्षा

तुळशीची लग्ने लागली की आमच्या शिवडीत केळवणांची धांदल उडते. १९२०च्या दशकात बांधलेल्या बी. डी. डी. चाळीतली १६० चौरस फुटांची खोली, आणि तीत वीस बायका! पानावरून उठले की उखाण्यांचा आग्रह. पूर्वी नवऱ्याचे नाव घ्यायचे नाही असा दंडक. उखाणा ही त्यातली गोड पळवाट. पण त्यात नाव तेवढे येते, माणूस येत नाही.

म्हणून भाचीच्या केळवणाला मी खेळ मांडला. दहा प्रश्नांची उत्तरे नवरदेवाकडून आधीच लिहून घेतली, पाकीट बंद. (भगिनींनो, मुलीला कळू देऊ नका. ती त्याला पढवून ठेवते!) चहात साखर किती? शिवडीच्या धक्क्यावर फ्लेमिंगो पाहायला कितीदा आला, नि त्यांतून पक्षी कितीदा पाहिले? हसून पुरेवाट झाली.

नववा प्रश्न मी मुद्दाम घातला होता : दोघांच्या पगाराचा हिशेब कोण पाहणार?

"आम्ही दोघं," भाची ठसक्यात म्हणाली.

पाकिटात होते : 'आई पाहील.'

वहिनींचा चेहरा उतरला. कोणी म्हणाले, "चालायचंच गं!" भाची मात्र फोन घेऊन जिन्याकडे गेली. आम्ही बासुंदीच्या वाट्या पुढे-मागे करीत बसलो. वीस मिनिटांनी परतली.

"रविवारी त्याच्या घरी बसून बोलणार आहोत, आईंच्या समोर. आत्या, दहावा विचार."