गाडीमागचे अर्थकारण (भाग ५) : एक प्लॅटफॉर्म, चार गाड्या

कंपन्या एकत्र का येतात, हे मागच्या आठवड्यात पाहिले. एकत्र येऊन पैसा नेमका वाचतो कुठे, हा आजचा प्रश्न. त्यासाठी फार लांब जायला नको, उदाहरण मराठवाड्यातच आहे.

छत्रपती संभाजीनगरजवळच्या शेंद्रा एमआयडीसीत स्कोडाने २००१ मध्ये ऑक्टाव्हिया जुळवायला घेतली. २००९ मध्ये फोक्सवॅगनचा कारखाना चाकणला सुरू झाला. दोन्ही कंपन्या एकाच जर्मन समूहाच्या, तरी भारतात कागदोपत्री वेगळ्या आणि विक्री बेताचीच. मार्च २०१७ मध्ये समूहाने टाटा मोटर्सशी हातमिळवणीचा करार केला. टाटांच्या प्लॅटफॉर्मवर दोघांनी मिळून स्वस्त गाडी काढता येते का, हे पाहायचे होते. तांत्रिक आणि आर्थिक गणित जमेना, म्हणून ऑगस्टमध्येच तो विषय संपला. मग समूहाने आपलेच घर आवरायला घेतले. २०१८ मध्ये भारतातल्या कारभाराची सूत्रे स्कोडाकडे आली, १०० कोटी युरोंची गुंतवणूक जाहीर झाली आणि २०१९ मध्ये समूहाच्या इथल्या तीन कंपन्या विलीन होऊन पुण्यात मुख्यालय असलेली एकच कंपनी झाली.

तिने काय केले, ते कुशाक, टायगुन, स्लाव्हिया आणि व्हर्टस या गाड्यांत दिसते. पहिल्या दोन एसयूव्ही, पुढच्या दोन सेडान. दोन स्कोडाच्या, दोन फोक्सवॅगनच्या. तोंडवळा वेगळा, शोरूमही वेगळी. पण पुढच्या आणि मागच्या चाकांमधले अंतर मोजा, चौघींतही २६५१ मिलिमीटर. बॉनेट उघडा, एक लिटरचे तीन सिलिंडरवाले इंजिन किंवा दीड लिटरचे. प्लॅटफॉर्म, म्हणजे गाडीचा खालचा सांगाडा, चौघींचा एकच.

समजा, असा प्लॅटफॉर्म विकसित करायला ८०० कोटी रुपये लागले. एका मॉडेलच्या एक लाख गाड्या खपल्या, तर प्रत्येक गाडीवर ८० हजारांचा बोजा पडतो. चार मॉडेलच्या मिळून चार लाख खपल्या, तर २० हजारांचा. आकडे समजुतीसाठी घेतले आहेत, पण हिशेब असाच चालतो.

याहून मोठी बचत सुट्या भागांत असते, असे माझे मत आहे. या गाड्यांचे ९५ टक्क्यांपर्यंत भाग भारतात बनतात, असे कंपनी सांगते. त्यामुळे आयात शुल्क वाचते आणि युरो महागला तरी धक्का कमी बसतो. मात्र या चारही गाड्या तयार होतात चाकणला. साहजिकच व्हेंडरचे कामही तिकडेच वाढते. शेंद्र्याच्या वाट्याला कोडियाक आणि ऑडीसारख्या महागड्या, कमी संख्येच्या गाड्या जुळवण्याचे काम आले. समूहाची भारतातली सुरुवात मराठवाड्यात झाली आणि पुनर्रचनेनंतरचा मोठा पसारा पुणे जिल्ह्यात गेला, ही गोष्ट आपल्याला लागायला हवी.

कारण अशीच एक भागीदारी आता लातूरच्या दारात आहे. हरंगुळच्या रेल्वे कोच फॅक्टरीचे भूमिपूजन मार्च २०१८ मध्ये झाले. तिथे बनवायच्या वंदे भारत स्लीपर गाड्यांसाठी रेल विकास निगम आणि रशियाची ट्रान्समॅशहोल्डिंग यांनी मिळून सर्वांत कमी, म्हणजे एका गाडीला १२० कोटींची बोली लावली. कोणाचा हिस्सा किती, यावरून बरीच ताणाताणी झाली. शेवटी रशियन बाजूकडे ७५ टक्के आणि निगमाकडे २५ टक्के ठरले, आणि सप्टेंबर २०२३ मध्ये रेल्वेशी करार झाला. १६ डब्यांच्या १२० गाड्या, म्हणजे १९२० डबे. सोबत ३५ वर्षांची देखभाल.

एवढ्या डब्यांना बर्थ लागतील, वायरिंग हार्नेस लागतील, खिडक्यांच्या चौकटी, रबरी पट्ट्या, फायबरची पॅनेल लागतील. माल कोणाकडून घ्यायचा, हे ठरवण्यात ज्याचा हिस्सा मोठा त्याचा शब्द चालतो. तयार व्हेंडर पुणे, हैदराबाद, चेन्नईत आहेत. आपण गप्प राहिलो तर ट्रक तिकडून येतील आणि लातूरला फक्त जुळवणी होईल. आयटीआय झालेली आपली पोरे मात्र चाकणच्या खोल्यांतून भाडे भरत राहतील.

शेजारच्या नांदेडला कृष्णूरची पंचतारांकित औद्योगिक वसाहत आहे, विष्णुपुरीला श्री गुरु गोबिंदसिंगजी अभियांत्रिकी संस्था आहे. लातूरला एमआयडीसी आहे आणि मेहनती पोरे आहेत. दोन्ही जिल्ह्यांच्या खासदार-आमदारांनी आणि उद्योजकांच्या संघटनांनी एकत्र जाऊन हे डबे बनवणाऱ्या कंपनीकडे सुट्या भागांची यादी मागावी, व्हेंडरच्या बैठका लातूरलाच घ्यायला लावाव्यात. खरेदीचे करार एकदा बाहेर बांधले गेले की मग ते सोडवणे अवघड. यादी आत्ताच मागा.