नट निवडणारा माणूस : लिन स्टॅलमास्टर

एखाद्या भूमिकेत तोच नट का, याचं उत्तर बहुधा कास्टिंग डायरेक्टरकडे असतं. पटकथा वाचायची, शेकडो नटांपैकी मोजके निवडून ऑडिशनला बोलवायचे आणि दिग्दर्शकासमोर ठेवायचे, हे त्याचं काम. शेवटचा होकार मात्र दिग्दर्शक-निर्मात्यांचाच.

अमेरिकेतल्या लिन स्टॅलमास्टर यांनी हे काम कसं करावं ते दाखवलं. आधी ते स्वतः नट होते. १९५०च्या दशकात ‘गनस्मोक’सारख्या दूरचित्रवाणी मालिकांसाठी दर आठवड्याला नवे चेहरे शोधावे लागत. तिथेच त्यांची नजर तयार झाली. पुढे ‘सुपरमॅन’साठी (१९७८) क्रिस्टोफर रीव्हचा फोटो निर्मात्यांनी बाजूला सारला, तरी स्टॅलमास्टर तो पुन्हा पुन्हा गठ्ठ्यात वर ठेवत राहिले. ‘द लास्ट डिटेल’मधली भूमिका जॉन ट्रॅव्होल्टाच्या हातून निसटली. पण या पोराला ते विसरले नाहीत. १९७५च्या ‘वेलकम बॅक, कॉटर’ या मालिकेत तो आला आणि घराघरांत पोहोचला. नाकारलेल्या नटाची अशी आठवण ठेवणं, हाच मला या पेशातला सर्वांत मोठा गुण वाटतो.

मान मात्र फार उशिरा मिळाला. ‘द थॉमस क्राउन अफेअर’च्या (१९६८) श्रेयनामावलीत त्यांचं नाव स्वतंत्रपणे झळकलं, तेव्हा ती नवलाईच होती. २०१६मध्ये त्यांना मानद ऑस्कर मिळालं. या पेशातल्या कुणालाही मिळालेलं ते पहिलं. कास्टिंगसाठी नियमित ऑस्कर द्यायचं अकादमीने जाहीर केलं ते २०२४मध्ये, स्टॅलमास्टर गेल्यानंतर तीन वर्षांनी.